अभ्यासिकेच्या भिंतीवरची वाक्यं बळ देतात की वर्षं खातात?

परभणीकर (धागा सुरू केला)

काल सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकेतली जागा सोडली. राज्य लोकसेवा आयोगाच्या (एमपीएससी) परीक्षेसाठी सहा वर्षं एकाच टेबलाशी बसलो होतो, त्यामुळे समोरच्या फळीला चिकटवलेले कागद मलाच काढायचे होते. खाली चालू घडामोडींची टिपणं, त्यावर टेस्ट सिरीजचं वेळापत्रक आणि सगळ्यांत वर तीन वाक्यं. 'आता माघार नाही.' 'साहेब होऊनच गावात पाय ठेवीन.' आणि तिसरं सगळ्यांना पाठ असलेलं, 'प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे.'

दुसरं वाक्य मी शब्दशः पाळलं. चार दिवाळ्या पुण्यातच काढल्या. आजी गेली तेव्हा मुख्य परीक्षेला वीस दिवस होते. अग्नी दिला आणि रात्रीच्या गाडीने परत आलो, दहाव्यालाही थांबलो नाही. त्या परीक्षेत थोडक्या गुणांनी राहिलो. पद गेल्याचं दुःख आता ओसरलंय. दहाव्याचं ओसरत नाही.

तिसऱ्या वाक्याचं तर वेगळंच आहे. भर्तृहरीच्या श्लोकाचं वामनपंडितांनी मराठी केलं, त्यातली ती पहिली ओळ. पुढे काय म्हटलंय? मृगजळ पिऊन तहान भागेल, रानात हिंडता हिंडता सशाचं शिंगसुद्धा सापडेल, पण मूर्खाचं मन काही धरता येणार नाही. म्हणजे वाळूतलं तेल हे कवीने कधीच न घडणाऱ्या गोष्टीचं उदाहरण म्हणून घेतलं होतं. आपण तेवढीच ओळ तोडली आणि पोराच्या डोळ्यांसमोर लावली.

माझं म्हणणं एवढंच आहे. अशा वाक्यांनी सुरुवात करायला बळ येतं, पण थांबायचं कधी हे त्यांतलं एकही सांगत नाही. खुल्या गटाला ३८ वर्षांपर्यंत परीक्षा देता येते. पदं शेकड्यांत निघतात, अर्ज लाखांत येतात. बहुतेकांना पद मिळणार नाही हे साधं गणित आहे, त्यात कुणाची जिद्द कमी पडलेली नसते. तरी भिंत रोज सांगते की कमी तूच पडलास. अभ्यासिकांनी ही वाक्यं उतरवावीत.

बार्शीची लेक

दादा, आजीचं वाचून गलबलून आलं. पण वाक्यं उतरवा हे मला अजिबात मान्य नाही.

बारावीनंतर माझं लग्न ठरत होतं. बैठक झाली होती, साखरपुड्याची तारीख काढायची बाकी होती. आमच्या बाईंनी माझ्या वहीच्या मागच्या पानावर लिहिलं, 'तुझं तू ठरव.' बाकी त्या काही करू शकत नव्हत्या, त्यांना त्याच गावात नोकरी करायची होती. ते पान फाडून मी उशीखाली ठेवलं. आठ दिवसांनी बाबांसमोर उभी राहून नाही म्हणाले. आज पुण्यात एका रुग्णालयात स्टाफ नर्स आहे.

तुमच्या मागे निदान पैसे पाठवणारं घर होतं. ज्यांच्या मागे कुणीच नसतं, त्यांच्याजवळ तेवढं एक वाक्यच असतं. ते काढून घेऊन तुम्ही त्यांना काय देणार?

नवी पेठेतला मेसवाला

वीस वर्षं मुलांना जेवू घालतोय. मुलं भिंतीमुळे अडकत नाहीत. बापाने शेत गहाण टाकलेलं असतं, बहिणीचं लग्न लांबवलेलं असतं. कुठल्या तोंडाने परत जायचं, हा प्रश्न असतो. कागद फाडून तो सुटेल असं मला वाटत नाही.

बुधवार पेठ

परभणीकर, तुमचा राग तोडलेल्या ओळींवर असेल तर मी तुमच्या बाजूने आहे. पण धाडसी वाक्य म्हणजे फसवणूक, असा सूर लागतोय. पुण्यात बसून तरी असं म्हणू नये.

'स्वराज्य हा माझा जन्मसिद्ध हक्क आहे आणि तो मी मिळवणारच.' टिळकांची ही गर्जना १९१६ च्या होमरूलच्या काळातली. त्याआधी राजद्रोहाच्या खटल्यात १९०८ साली सहा वर्षांची शिक्षा झाली, मंडालेला नेलं, १९१४ मध्ये सुटका झाली. बाहेर आले तेव्हा प्रकृती खचली होती, पत्नीही तोवर वारली होती. असा माणूस 'मिळवणारच' म्हणतो तेव्हा त्यातल्या 'च'ला वजन असतं. १९२० मध्ये ते गेले, स्वराज्य पुढे २७ वर्षांनी आलं. तुमच्या हिशेबाने त्यांनी कधी थांबायला हवं होतं?

दुसरं वाक्य आगरकरांचं. १८८८ साली 'सुधारक' हे पत्र काढलं तेव्हाचं, 'इष्ट असेल ते बोलणार व साध्य असेल ते करणार.' याच शहरातल्या लोकांनी ते जिवंत असताना त्यांची प्रेतयात्रा काढली. एम.ए. होत असतानाच त्यांनी आईला पत्र लिहून कळवलं होतं की मोठ्या पगाराची आशा धरू नकोस. चाळिशीही गाठली नाही त्यांनी. महत्त्वाकांक्षा म्हणजे साहेबाची खुर्चीच, असं कुणी सांगितलं?

परभणीकर

टिळक स्वराज्यासाठी लढत होते. मी एका पदासाठी बसलो होतो, आणि ते पद दुसऱ्या कुणाला मिळालं तरी राज्याचं काही अडत नव्हतं. दोन्हींना एकच 'मिळवणारच' लावलं, तिथेच घोळ झाला.

आगरकरांचं वाक्य मात्र माझ्याच बाजूचं आहे. बोलण्याला त्यांनी मर्यादा घातली नाही, करण्याला 'साध्य' हा शब्द घातला. तो शब्द मला सहा वर्षांत एकाही भिंतीवर दिसला नाही.

शास्त्री रोड, अजून तयारीतच

मला दुसरंच खटकतं. भिंतीवरची सगळी वाक्यं एकवचनी असतात. तू कर, तू जाग, तू सोस.

बाबासाहेबांनी १९४२ मध्ये नागपूरला जो संदेश दिला, तो आपण 'शिका, संघटित व्हा, संघर्ष करा' असा म्हणतो. आमच्या अभ्यासिकेत त्यातलं 'शिका' तेवढं रंगवलंय. पण ऑगस्ट २०२४ आठवा. २५ तारखेला आयोगाची पूर्व परीक्षा आणि बँक भरतीची आयबीपीएसची परीक्षा एकाच दिवशी आली होती. आम्ही शास्त्री रोडवर बसलो आणि पूर्व परीक्षा पुढे गेली. त्याआधी २०२३ मध्ये मुख्य परीक्षेला वर्णनात्मक पद्धत, म्हणजे पर्याय निवडण्याऐवजी सविस्तर उत्तरं लिहायची, लगेच लागू होणार होती, तीही आंदोलनानंतर २०२५ पर्यंत पुढे गेली. एकट्याच्या जिद्दीने यातलं काही झालं असतं का? वाक्यं उतरवू नका, पुरी लिहा.

बार्शीची लेक

सावित्रीबाई सतराव्या वर्षी भिडे वाड्यात शिकवायला जात, १८४८ साली. वाटेत लोक शेण फेकत, म्हणून त्या पिशवीत दुसरं लुगडं घेऊन निघत आणि शाळेत पोचल्यावर नेसत. शेण येणार हे धरूनच त्या घरातून पाऊल बाहेर टाकत होत्या. दादा, तुमच्याकडे वाक्य होतं, दुसरं लुगडं नव्हतं. नर्सिंगला जाताना बाईंनी मला बँकेत खातं उघडायला लावलं होतं, तेही सांगायचं राहिलं.

फळीवर आता काय ठेवलंत?

परभणीकर

कोरी ठेवली आहे. उद्या तिथे जालन्याचा एक मुलगा येतोय, पहिलाच प्रयत्न आहे त्याचा. त्याला माझी टिपणं देणार आहे आणि वेळापत्रकाचा कागद. त्यात शेवटची एक ओळ रिकामी सोडली आहे, थांबायच्या तारखेची. ती त्याने भरायची.

बार्शीची लेक

तारीख जरूर भरायला सांगा. पण त्याच्या घरून कुणी चार शब्द लिहून दिले असतील, तर तेवढा कागद लावू द्या त्याला.