'मॅड जॅक' फुलर: गमतीदार जमीनदार, एवढंच?

भुंगा
इंग्लंडात ससेक्समधल्या ब्राइटलिंगचा जॉन ऊर्फ 'मॅड जॅक' फुलर (१७५७–१८३४). विशीत काकाकडून इस्टेट आणि जमैकातले उसाचे मळे मिळाले, १७८०ला साउथॅम्प्टनचा खासदार, पुढे १८०१ ते १८१२ ससेक्सचा. मंत्रिपद कधीच नाही. १८१०मध्ये पिऊन सभागृहात आला, सभापतींनाच बोलला, शेवटी धरून बाहेर काढावं लागलं. आज लोक त्याने बांधलेले मनोरे बघायला जातात नि कौतुकाने हसतात. पण हाच गृहस्थ संसदेत गुलामगिरीची बाजू हिरिरीने मांडायचा. गुलाम म्हणे इंग्रज मजुरापेक्षा सुखी! 'विक्षिप्त' म्हटलं की सगळं माफ?

खारवडी
असहमत. बोडियमचा किल्ला पाडून दगड विकले जाण्याच्या बेतात होते, तो यानेच विकत घेऊन वाचवला. लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशन या विज्ञानसंस्थेला एकूण दहा हजार पौंड दिले. तिथलं १८३३चं फुलर अध्यासन, म्हणजे रसायनशास्त्राचं प्राध्यापकपद, शास्त्रज्ञ फॅरेडेला मिळालं, तेही तहहयात, व्याख्यानांची सक्ती न करता. बाकीच्या मळेवाल्यांनी काय दिवे लावले?

भुंगा
अहो, पैसा गेला कुठे ते नका सांगू, आला कुठून ते बोला. त्याचा 'शुगर लोफ' (साखरेची ढेप) बघा, माळावरचा दगडी सुळका. घरातून डॅलिंग्टनच्या चर्चचा कळस दिसतो अशी पैज मारली, घरी येऊन बघतो तर दिसेना, मग घाईघाईत तसलाच कळस उभा केला, अशी आख्यायिका. ती सगळे रंगवून सांगतात. तेव्हा साखरेची ढेप याच आकाराची असायची. ती पिकवली कुणी, हे मात्र कुणी काढत नाही.

टपरीवाला
त्याच्या पिरॅमिडच्या आकाराच्या थडग्यात टोपी घालून, पुढ्यात कोंबडी नि दारू घेऊन बसलाय म्हणे?

खारवडी
छे! १९८२च्या दुरुस्तीत बघितलं, रीतसर जमिनीखाली पुरलाय. भुंगा, तो काळच तसा होता हो.

भुंगा
काळ? फेब्रुवारी १८०७मध्ये गुलामव्यापारबंदीच्या बाजूने २८३ मतं पडली, विरोधात १६. काळ त्याला सोडून पुढे गेला होता.

खारवडी
ते मतदान व्यापारावर होतं, गुलामगिरीवर नव्हे. मळ्यांना हात लावणारा कायदा यायला १८३३ उजाडलं. तोवर त्या २८३ जणांपैकी किती जण चहात तीच साखर घालत होते?