अनुभव धागा : आमच्या गावचं बंद पडलेलं विमानतळ

नमस्कार मंडळी,

९ जून २०२५ ला सोलापूरहून गोव्याला विमान सुटलं. त्याआधी कितीतरी वर्षं होटगी रोडच्या धावपट्टीवर फक्त पुढाऱ्यांची आणि खासगी विमानं उतरायची. तुम्हा-आम्हाला तिकीट काढायची सोय नव्हती. आता विमान सुरू झालंय, तर तो काळ विसरायच्या आत लिहून ठेवावा, म्हणून हा धागा.

थोडी पार्श्वभूमी. इथे कधीकाळी किंगफिशरचं विमान येत असे. ते बंद पडलं आणि ऑक्टोबर २०१२ मध्ये कंपनीचा परवानाच निलंबित झाला. २०१७ ला 'उडान'ची, म्हणजे छोट्या शहरांना विमानसेवेनं जोडायच्या केंद्राच्या योजनेतली, विमानं उडू लागली, पण सोलापुरात सिद्धेश्वर साखर कारखान्याची सुमारे ९० मीटर उंच चिमणी विमानाच्या वाटेत उभी होती. सोलापूरजवळ बोरामणीला नवं विमानतळ करायचं ठरलं, जमीनही घेतली, तिथे वनजमिनीचा पेच आला. अखेर १५ जून २०२३ ला चिमणी पाडली. २९ सप्टेंबर २०२४ ला पंतप्रधानांनी दूरस्थ पद्धतीने उद्घाटन केलं, तरी पहिलं विमान सुटायला पुढचा जून उजाडला.

आपण 'विमानतळ बंद पडलं' म्हणतो, पण बहुतेक ठिकाणी बंद पडते ती प्रवासी सेवा. कुंपण, पहारा, देखभाल चालूच असते आणि त्यावर पैसाही खर्च होत असतो. त्या काळात आत रोज काय चालायचं, बाहेर कुणाचं काय अडलं, हे ज्यांनी पाहिलंय त्यांनी जरूर लिहा. सोलापूरबाहेरच्यांचंही स्वागत आहे.

सोलापूर, निवृत्त सुरक्षारक्षक

आमचं मुख्य काम म्हणजे कुत्री आणि जनावरं हाकलणं. कुंपण जुनं होतं, भगदाड बुजवलं की आठवड्यात दुसरीकडं पडायचं. पावसाळ्यात धावपट्टीच्या कडेनं गुडघाभर गवत माजायचं, त्यात टिटव्या अंडी घालायच्या. गवत कापायला माणसं आली की त्या अशा ओरडायच्या की माणूस मागं सरायचा. मी अंड्यांभोवती चार काड्या रोवून खूण करायचो, तेवढा तुकडा सोडून कापा म्हणायचो.

मोठा पुढारी येणार म्हटलं की सगळी पळापळ. अग्निशमनची गाडी येऊन थांबायची, पोलिसांचं श्वानपथक यायचं. विमान पंधरा मिनिटं थांबून गेलं की पुन्हा आम्ही दोघं आणि वारा. लोक गेटवर येऊन विचारायचे, "काय मामा, विमान कधी चालू होणार?" मी काय सांगणार? पण ज्यानं विचारलं त्याला मी प्रेमानंच उत्तर दिलं.

सोलापूर, टॉवेलचा व्यवसाय

बाहेरच्या खरेदीदाराला कारखाना बघायला बोलवायचं म्हणजे पुण्यात किंवा हैदराबादेत उतरवून गाडीनं आणायचं. एक पूर्ण दिवस येण्यात, एक जाण्यात. दोन पार्ट्यांनी तोंडावर सांगितलं, "तुम्हीच मुंबईला नमुने घेऊन या." आम्ही सिद्धेश्वर एक्स्प्रेसनं रात्री निघून सकाळी मुंबईत नमुने दाखवत असू. ती गाडी आमची जीवनवाहिनी आहे, तिला नावं ठेवणार नाही. पण नमुना दाखवणं वेगळं आणि चालता माग दाखवणं वेगळं. माग बघितला की माणूस भावावर घासाघीस कमी करतो.

दक्षिण सोलापूर, ऊस उत्पादक

वर धाग्याच्या सुरुवातीला चिमणीबद्दल लिहिलंय, म्हणून माझंही ऐका. विमान हवं म्हणून शहरात चक्री उपोषण झालं, तेव्हा आमच्या बाजूनं सभासदांचा मोर्चा निघाला होता. मी त्यात होतो. चिमणी पडली त्या दिवशी टीव्हीवर धुळीचा लोट बघून माझ्या वडिलांनी जेवण सोडलं. शेअरची रक्कम भरून कारखाना उभा केलेली ती पिढी. विमानाला आमचा विरोध कधीच नव्हता. हंगामात ऊस कुठं घालायचा, तोडणी वेळेत मिळणार का, वजन किती घटणार, हे आधी सांगा, एवढंच मागणं होतं. विमानतळाचा इतिहास लिहिताना आमचं हे पान गाळू नका.

कोल्हापूर

उजळाईवाडीचं विमानतळ १९३९ चं, छत्रपती राजाराम महाराजांच्या दूरदृष्टीचं. एवढा वारसा असून मधली काही वर्षं इथं एकही प्रवासी विमान नव्हतं. २०१८ ला सेवा परत आली. त्या मधल्या काळात मुंबईत अ‍ॅडमिट असलेल्या मामांना भेटायला आम्ही रात्रभर बसनं गेलो, पोचलो तेव्हा उशीर झाला होता. जास्त लिहवत नाही.

कराड

आमची धावपट्टी १९५५ ची, कोयना धरणाच्या कामासाठी बांधलेली. प्रवासी विमानाचं आमच्या पिढीला माहीत नाही. विस्तारवाढ म्हटलं की बागायती जमीन जाणार, म्हणून विरोध. माझं मत शेतकऱ्यांच्या बाजूचं आहे; बारमाही पाण्याची काळी जमीन पुन्हा तयार होत नाही.

नांदेड

२००८ च्या शिखांच्या गुरु-ता-गद्दी सोहळ्याच्या वेळी आमच्या विमानतळाचा कायापालट झाला. २७ एप्रिल २०१७ ला, 'उडान'च्या पहिल्याच दिवशी, नांदेड-हैदराबाद विमान सुटलं. मग तेही बंद पडलं आणि शहर पुन्हा रेल्वेवर आलं. माझं घर गुरुद्वाऱ्याजवळ आहे. पंजाबातून आलेल्या म्हाताऱ्या यात्रेकरू बायका सचखंड एक्स्प्रेसमधून उतरल्या की पाय सुजलेले असत. आम्ही गरम पाण्याची बादली आणि मीठ द्यायचो. त्या विचारायच्या, "पुत्तर, जहाज नहीं चलदा?" (म्हणजे, बाळा, विमान चालत नाही का?) २०२४ मध्ये विमानं पुन्हा सुरू झाली.

अकोला

तुमच्याकडे निदान परत तरी सुरू झालं. आमचं शिवणीचं विमानतळ १९४३ चं, इंग्रजांच्या काळातलं. धावपट्टी आखूड पडते, वाढवायची तर कृषी विद्यापीठाची जमीन लागते. मी त्याच विद्यापीठात शिकलो, तेव्हापासून हेच ऐकतो आहे. अमरावतीहून एप्रिल २०२५ मध्ये मुंबईचं विमान सुरू झालं, तेव्हा आमच्या घरी आनंदही झाला आणि डोळ्यांत पाणीही आलं. आता आई-वडिलांना मुंबईला न्यायचं तर आधी अमरावतीपर्यंत गाडी करतो. शिवणीहून प्रवासी विमानात बसलेलं कुणी इथे असेल, तर कोणतं साल आणि कुठलं विमान ते नक्की लिहा. मी शोधतो आहे.