‘वंश आणि वांशिकता या भिन्न संकल्पना आहेत’ : हे वाक्य मराठीत लिहायचं कसं?

भाषांतरकरीण
दोन दिवस एका वाक्यावर अडून बसलेय. समाजशास्त्राच्या एका पुस्तिकेचं भाषांतर चाललंय. मूळ वाक्यात ‘रेस’ आणि ‘एथ्निसिटी’ दोन्ही आहेत, आणि या दोन गोष्टी एक नाहीत हाच त्या वाक्याचा मुद्दा आहे. पहिलीत कातडी, नाक, केस बघून माणसांचे गट पाडलेले. दुसरीत भाषा, चालीरीती, आपण अमक्यांचे वारस अशी समजूत. मी हात चालेल तसं शीर्षकातलं वाक्य लिहिलं आणि वाचून स्वतःच हसले. गोड आणि गोडवा भिन्न आहेत म्हटल्यासारखं झालंय. संपादकांनी समासात नुसतं एक प्रश्नचिन्ह काढून कागद परत पाठवला.

वर्तमानपत्रं एथ्निकला सरसकट ‘वांशिक’ करतात. श्रीलंकेतला वांशिक संघर्ष, बोस्नियातलं वांशिक शुद्धीकरण. बोस्नियात सर्ब, क्रोएट आणि बोस्नियाक यांची बोली जवळपास एकच, चेहरेपट्टी एकच, फरक मुख्यतः धर्माचा. मग तिथे वंश कुठून आला? आणि ‘वांशिक’ त्यात खर्ची पडला तर रेसला काय उरतं?

निवृत्त_मास्तर
सोपं आहे. ‘प्रजाती’ घ्या. हिंदीत समाजशास्त्राच्या पुस्तकांत रेसला प्रजातिच म्हणतात. तयार शब्द असताना डोकं कशाला शिणवायचं?

पेशीबाई
मास्तर, नको हो! मराठी जीवशास्त्रात प्रजाती म्हणजे जीनस आणि जाती म्हणजे स्पीशीज. ‘होमो’ ही प्रजाती, ‘होमो सेपिअन्स’ ही जाती. हिंदीवाले जीनसला ‘वंश’ म्हणतात. म्हणजे त्यांची रेस ती आपली जीनस, आणि त्यांची जीनस ती आपली रेस. ‘माणसांच्या प्रजाती’ असं छापलंत तर वाचक निअँडरथल शोधत बसेल.

आणि हा नुसता शब्दांचा घोळ नाही. गोरे, काळे, तांबडे या मुळात वेगळ्या निर्माण झालेल्या जातीच आहेत, असं एकोणिसाव्या शतकात गंभीर चेहऱ्याने मांडलं जायचं. अमेरिकेतला सॅम्युअल मॉर्टन त्यातला मोठा. १८३९ साली त्याचं कवट्यांवरचं पुस्तक आलं. कवटीत बिया ओतायच्या, परत काढून मोजायच्या, म्हणजे मेंदूचं आकारमान कळलं! बिया दाबल्या की जास्त मावतात, त्यामुळे एकाच कवटीचे आकडे जुळेनात. मग त्याने शिशाचे छर्रे घेतले. मोजमाप सुधारलं, वेगळ्या निर्मितीची कल्पना मात्र जिथल्या तिथे. ‘प्रजाती’ म्हटलं की मराठीत तोच दावा मागच्या दाराने आत येतो.

कोशकिडा
माझा उमेदवार : वाण.

हसू नका, आधी ऐका. ब्लूमेनबाख या जर्मन शास्त्रज्ञाने १७७५ साली प्रबंध लिहिला तेव्हा माणसांच्या गटांना लॅटिनमध्ये ‘व्हारिएटास’ म्हटलं. बियाण्याचे असतात तसे एकाच जातीतले वाण. आधी चार होते, नंतर पाच झाले. एक वाण दुसऱ्यात कधी मिसळतो ते कळतही नाही, असंही तोच सांगून गेला. १७९५ च्या आवृत्तीत त्याने गोऱ्या वाणाला ‘कॉकेशियन’ नाव दिलं, कारण जॉर्जियातल्या एका बाईची कवटी त्याला सगळ्यांत देखणी वाटली. शास्त्रीय संज्ञेचा पाया म्हणजे एका प्राध्यापकाला एक कवटी आवडली!

शिवाय आपला वाण आलाय ‘वर्ण’वरून, प्राकृत ‘वण्ण’ मधे धरून. म्हणजे रंगही त्यात आला. ढवळ्याशेजारी बांधला पवळ्या, वाण नाही पण गुण लागला. रंग चिकटत नाही, सवयी चिकटतात. रेस आणि एथ्निसिटी यांतला फरक या म्हणीत बसून आहे की नाही?

खडूस
वाण हळदीकुंकवात लुटतात.

कोशकिडा
ते वाण ‘वायन’वरून. वेगळं मूळ, वेगळं लिंग. तो वाण, ते वाण.

खडूस
वाचकाला लिंग तपासायला लावणार? दक्षिण आफ्रिकेची राजवट पडेपर्यंत आम्ही रोज पेपरात ‘वर्णद्वेष’, ‘वर्णभेद’ वाचत होतो, आणि कुणालाही तळटीप लागली नाही. लोक बोलतात तो शब्द घ्या. वर्ण आणि वंश. संपला विषय.

मधली_वेलांटी
संपत नाही हो, तिथेच सुरू होतो. ‘वर्ण’ म्हटलं की मराठी कानाला रंगाच्या आधी चातुर्वर्ण्य ऐकू येतं. याच दुहेरी अर्थावर साहेबाने अख्खं शास्त्र उभारलं. हर्बर्ट रिस्ले १९०१ च्या जनगणनेचा आयुक्त. नाकाची रुंदी भागिले उंची, गुणिले शंभर, हा त्याचा नासिका निर्देशांक. नाक जितकं रुंद तितकी जात खालची, असा त्याचा निष्कर्ष. जात म्हणजे गोठलेला वंश.

बाबासाहेबांनी हे नाकावरचं शास्त्र त्याच्याच मोजपट्टीने मोडलं. अस्पृश्यांच्या मूळावरचं त्यांचं पुस्तक १९४८ चं. त्यात नाकांचे छापील आकडेच समोर ठेवून ते विचारतात की ब्राह्मण आणि अस्पृश्य यांचे वंश वेगळे ठरतात कुठे? त्याआधी १९३६ मध्येच त्यांनी म्हटलं होतं की पंजाबचा ब्राह्मण आणि पंजाबचा चांभार एकाच वंशातले, पंजाबचा ब्राह्मण आणि मद्रासचा ब्राह्मण मात्र नव्हेत. तेव्हा ‘वर्ण’ नको. रिस्लेचा गोंधळ आपण परत छापू.

निवृत्त_मास्तर
म्हणजे मोजमापाचं हे सगळंच थोतांड म्हणायचं.

पेशीबाई
मोजमाप नव्हे मास्तर, आधी ठरवून ठेवलेलं उत्तर. इरावती कर्वे बर्लिनला कैझर विल्हेल्म संस्थेतल्या ऑयगेन फिशर या वंशशास्त्रज्ञाकडे डॉक्टरेट करायला गेल्या. कवटीच्या डाव्या-उजव्या बाजूंतला फरक वंशाप्रमाणे बदलतो आणि त्यातून युरोपीय लोकांचं वरचढपण दिसतं, असं गुरूंना हवं होतं. बाईंनी कवट्या मोजल्या आणि तसं काही दिसत नाही असं लिहून दिलं. गुरूच्या तोंडावर, १९३० च्या सुमारास, त्या संस्थेत! पुढे १९७२ मध्ये रिचर्ड लेवोंटिन या अमेरिकी जनुकशास्त्रज्ञाने रक्तगट आणि प्रथिनं घेऊन हिशेब मांडला. माणसामाणसांतला सुमारे ८५ टक्के जनुकीय फरक एकाच लोकसमूहाच्या आत सापडतो. रूढ अर्थाच्या ‘वंशां’मधला फरक सहा-सात टक्क्यांवर येतो.

परदेशस्थ
अमेरिकेत मला जवळजवळ प्रत्येक फॉर्मवर रेसचा चौकोन भरावा लागतो. पहिल्यांदा मी शाळेत शिकलेलं आठवून ‘कॉकेशियन’वर खूण केली. खिडकीपलीकडच्या बाईंनी माझ्याकडे पाहिलं, फॉर्मकडे पाहिलं, आणि पेन माझ्याकडे सरकवलं.

नंतर कळलं की या चौकोनावर खटला होऊन गेलाय. भगतसिंग थिंड, अमृतसरकडचा शीख, पहिल्या महायुद्धात अमेरिकी सैन्यात होता. नागरिकत्व फक्त ‘गोऱ्या’ आणि आफ्रिकी वंशाच्या लोकांना. त्याचं म्हणणं असं की मानववंशशास्त्र मला कॉकेशियन म्हणतं, म्हणजे मी गोरा. १९२३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की शास्त्र काय म्हणतं ते राहू दे, सामान्य माणूस ‘गोरा’ कुणाला म्हणतो ते बघायचं. त्याला मिळालेलं नागरिकत्व गेलं. तेव्हा खडूस, ‘लोक बोलतात तो शब्द घ्या’ हे तत्त्व कधी कधी असंही वापरलं जातं.

१९२०, १९३० आणि १९४० च्या जनगणनेत तर आपण सगळे रेसच्या रकान्यात ‘हिंदू’ होतो, शीख आणि मुसलमानसुद्धा.

खडूस
मी शब्द सुचवला, कायदा नाही. मग सरळ ‘रेस’ लिहा ना! टेबल, पेन चालतं, तिथे रेसनेच काय घोडं मारलंय?

कोशकिडा
घोडंच तर आडवं येतं! मराठीत रेस म्हणजे घोड्यांची. इंग्रजीत मात्र हे दोन वेगळे शब्द आहेत. धावण्याचा ‘रेस’ नॉर्स भाषेतला, माणसांचा फ्रेंचमधून, त्याआधी इटालियन ‘रात्झा’. त्याच्याही मागे काय यावर विद्वानांत भांडणं आहेत. एक तर्क जुन्या फ्रेंचमधल्या ‘हाराझ’चा, म्हणजे घोड्यांची पैदास करतात ती जागा. माझं मत अर्थात याच तर्काला.

निवृत्त_मास्तर
तुमचं मत नेहमी घोड्यालाच असतं. ‘वंश’ सोडू नका, एवढंच माझं म्हणणं. अस्सल संस्कृत शब्द, रक्ताचा अर्थ त्यात स्वच्छ आहे.

कोशकिडा
मास्तर, अस्सल संस्कृतातच तो स्वच्छ नाही. वंश म्हणजे मुळात वेळू. पेरावर पेर चढत जातं म्हणून पिढ्यांची ओळ. पाठीच्या कण्यात मणक्यावर मणका, म्हणून पृष्ठवंश. आणि बृहदारण्यकात ‘वंश’ म्हणून ज्या याद्या आहेत त्या गुरुशिष्यांच्या. पाणिनीच्या ‘संख्या वंश्येन’ या सूत्रावर काशिकावृत्ती सरळ सांगते की वंश दोन प्रकारे चालतो, विद्येने किंवा जन्माने. म्हणजे रक्त लागतंच असं नाही. उलट एथ्निसिटीलाच ‘वंश’ जास्त शोभेल.

निवृत्त_मास्तर
काशिका मी शिकवलीय. तो ‘वंश’ समासापुरता आहे. त्यावरून व्यवहारातला अर्थ काढायचा नसतो.

कोशकिडा
व्यवहारातला अर्थ आता आठवला होय? मगाशी ‘अस्सल संस्कृत’ चाललं होतं.

मधली_वेलांटी
दोघांनी जरा संविधान उघडा. अनुच्छेद १५, मराठी प्रत : धर्म, वंश, जात, लिंग, जन्मस्थान. हिंदी प्रतीत ‘मूलवंश’ आहे. त्यांनाही नुसता ‘वंश’ अपुरा वाटला असणार. आणि अनुच्छेद १६ मध्ये ‘डिसेंट’ला ‘कूळ’ आहे. हा शब्द साधा नाही. वंशभेदाविरुद्धच्या १९६५ च्या आंतरराष्ट्रीय करारात रेस, रंग, डिसेंट असं सगळं ओळीने येतं. २००१ च्या डर्बन परिषदेत भारत सरकार म्हणत होतं की जात म्हणजे वंश नव्हे, आणि दलित संघटना म्हणत होत्या की वंश नसेना का, ‘डिसेंट’ तर आहे. सगळं भांडण या एका शब्दावर.

भाषांतरकरीण
सगळं वाचतेय, वहीत उतरवूनही घेतेय. ‘मूलवंश’ आवडला, पण ‘मूल’ म्हटलं की रेस ही खरोखर मुळात असलेली गोष्ट वाटते, आणि पुस्तिका तर ती माणसांनी पाडलेली विभागणी आहे म्हणते. सध्या ‘वंश आणि लोकसमूहाची ओळख’ असं लिहून ठेवलंय. लंगडं आहे, माहीत आहे. मजकूर उद्या सकाळी जायचाय. आणि आता बघते तर पुढच्याच परिच्छेदात ‘डिसेंट’ आहे.

खडूस
कूळ लिहा. कूळकायदा आठवला तर वाचकाचं नशीब.

कोशकिडा
कूळकायद्यातलं कूळ आणि कुळाचारातलं कुळ. हे एक की दोन? माझा अंदाज असा की