अनुदान शिकवणाऱ्याला की मान्यतेच्या सालाला?

करवीरकर: काल इथं एकानं टाकलंय, 'विनाअनुदानित आहे हे माहीत असून नोकरी धरली, मग आता आमच्या टॅक्समधनं पगार कशाला मागताय?' डोकं सणकलं म्हणून लिहितोय. मी ज्युनिअर कॉलेजला फिजिक्स शिकवतो. शेजारच्या टेबलावरच्या सरांचा 100 टक्के पगार शासन देतंय, माझा अनुदानाच्या टप्प्यानं 40 टक्केच. पोरं तीच, बोर्डाचे पेपर तेच, तपासायचे गठ्ठे पण तेवढेच. त्यांची तुकडी जुनी, माझी 2001 नंतर विनाअनुदानित म्हणून मान्यता मिळालेली, बास एवढाच गुन्हा. उरलेले 60 संस्थेनं द्यायचे म्हणे, कुठली संस्था देते सांगा बघू. ऑक्टोबर 2024 ला टप्पावाढीचा, म्हणजे अनुदानाचा पुढचा टप्पा द्यायचा निर्णय झाला, आणि त्याचे पैसे द्या म्हणायला जुलै 2025 ला पावसात आझाद मैदान गाठायला लागलं.

उद्यमनगरवाला: मीच टाकलंय ते, आणि अजून तेच म्हणतोय. माझ्याकडं मंदी आली की लेथ बंद, शासन येतंय का कामगाराचा पगार भागवायला? संस्था काढायची साहेबांनी, फी घ्यायची त्यांनी, इमल्यावर इमले चढवायचे त्यांनी, आणि पगाराला तेवढं शासन. आणि सर, नोकरी लागताना संस्थेला किती पैसे भरले ते पण लिहा की.

करवीरकर: एक रुपया भरलेला नाही. तोंड सांभाळून बोला.

तासिकावाला: तुम्हाला 40 तरी आहेत मर्दानो. सीनिअर कॉलेजला सीएचबीवर, म्हणजे तासाच्या पैशावर शिकवायला या. नेट झालंय, पीएचडी झालीय, फुल टायमर असिस्टंट प्रोफेसरचं सुरुवातीचं मूळ वेतन 57,700, आणि मी तोच बीए भाग दोनचा पेपर तासावर शिकवतोय. मे महिन्यात तास नाहीत म्हणजे पैसे नाहीत. जूनमधे परत मुलाखत, परत तोच फाईलचा गठ्ठा. आणि भरण्याचं म्हणाल तर उद्यमनगरवाले बरोबर बोलायलेत, जागा निघाली की आधी रेट निघतोय.

गडहिंग्लजची मॅडम: मी भरलेत. वडिलांनी उसाचं रान गहाण टाकलं. 20 टक्के सुरू झाले तेव्हा वाटलं सुटलो, तर क्लार्कनं सह्या केलेले कोरे चेक मागून घेतले. पगार खात्यात पडल्याचा मेसेज येतो, दुसऱ्या दिवशी निम्मे काढल्याचा येतो. कुणाकडं तक्रार करू? शालार्थचं, म्हणजे ऑनलाइन पगारबिलाचं काम त्याच क्लार्कच्या हातात.

उद्यमनगरवाला: घ्या! मी दुसरं काय म्हणत होतो? अनुदान वाढवा म्हणजे साहेबांचा हप्ता वाढवा.

करवीरकर: म्हणून मॅडमचा पगारच बंद करायचा? चोर धरा की, चोरी झालेल्याला कशाला मारताय.

जुने मास्तर: शाहू महाराजांनी 1917 ला प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं, पोर शाळेत न घालणाऱ्या बापाला महिना 1 रुपया दंड ठेवला. त्याच कोल्हापुरात हे वाचायला लागतंय. आमच्या वेळी संस्थाचालक सायकलवरनं फिरायचे, आणि आम्ही पगाराकडं बघून शिकवत नव्हतो.

तासिकावाला: सर, तुम्हाला जुनी पेन्शन. 1 नोव्हेंबर 2005 नंतर लागलेल्यांना ती पण नाही, आम्हाला तर लागणंच नाही. त्यागाचं पेन्शन सुरू असताना बोलायला सोपं असतंय.

जुने मास्तर: वयाचा तरी मान ठेवा.

करवीरकर: मुद्द्यावर या. मान्यतेचं साल बघून पैसे वाटणं बंद करा. पटावर पोरं खरी आहेत का, शिकवणारा पात्र आहे का, वर्गात उभा राहतोय का, एवढं तपासा आणि एकाच कामाला एकच पगार द्या. ज्या संस्थेनं भरती करताना पैसे घेतले तिचं वेतनेतर अनुदान कापा, शिक्षकाचं नको.

उद्यमनगरवाला: हे चालेल. म्हणजे होणार नाही, पण चालेल. तपासायला येणारा माणूस कुणाच्या गाडीतनं येणार तेवढं सांगा.

गडहिंग्लजची मॅडम: आमच्याकडं आलेला तो चेअरमनच्याच गाडीतनं आलेला. जेवणाची पाळी आम्हा विनाअनुदानितवाल्यांवर होती, तांबडा-पांढरा आम्हीच वाढला.