हेंद्रा सेतियावान जोरात स्मॅश मारत नाही, मग तो एवढा मोठा कसा?

नवाभिडू:
नमस्कार मंडळी. इतकी वर्षं मी बॅडमिंटनमध्ये फक्त सिंगल्स बघत आलो, डबल्स लागलं की चॅनल बदलायचो. आपली सात्विक-चिराग जोडी जिंकायला लागली तेव्हा गोडी लागली आणि आता जुन्या मॅचेस शोधून शोधून बघतोय. जाणकार लोक सारखं एक नाव घेतात, इंडोनेशियाचा हेंद्रा सेतियावान. म्हणून त्याच्या चार-पाच मॅचेस बसून बघितल्या, पण खरं सांगतो, मला काही कळलंच नाही. उड्या मारून स्मॅश मारतोय तो पार्टनर, मागे धावाधाव करतोय तोही पार्टनर, आणि हा नेटजवळ शांत उभा, पॉइंट मिळाला काय नि गेला काय चेहऱ्यावरची रेषसुद्धा हलत नाही. मग ऑलिंपिक गोल्ड आणि चार वर्ल्ड टायटल्स याच्या नावावर कशी? पार्टनर चांगले मिळाले म्हणून, की मलाच बघता येत नाहीये? आणि चाळिशीपर्यंत टिकला कसा हा माणूस?

पुढचा_कोर्ट:
सुरुवातीला सगळ्यांचं असंच होतं रे, डोळे शटलमागे जातात आणि शटल असतं स्मॅशवाल्याकडे. आता एक कर, एक अख्खा गेम शटल सोडून फक्त हेंद्राची रॅकेट बघ. सतत वर, छातीच्या पुढे.
डबल्समध्ये सर्व्हिस करणारा तसा अडचणीतच असतो, शटल खालून वर द्यावं लागतं (२०१८ पासून तर जमिनीपासून १.१५ मीटरच्या खालीच मारायचं असा नियम आहे), म्हणजे समोरचा वरून चेपायला टपलेलाच. त्यामुळे पुष्कळदा पहिल्या तीन-चार फटक्यांतच ठरतं की कोण मारणार आणि कोण बचाव करणार. इथे हेंद्रासारखा हात मी दुसरा पाहिलेला नाही. सर्व्हिस नेटला घासून जाते, आणि रिटर्न तो जोरात मारतच नाही, पुढचा आणि मागचा यांच्या मधल्या पट्टीत नुसतं ढकलतो. तिथलं शटल नेमकं कोणी घ्यायचं हेच समोरच्यांना कळत नाही, शेवटी कोणीतरी खालून उचलून देतो आणि मग मागून पार्टनरचा स्मॅश. तुला तो स्मॅश दिसतो. पण शटल उचलायला लावलं कोणी?
बचावातही तेच. समोरून स्मॅश आला की बाकीचे घाबरून उंच परत देतात म्हणजे पुन्हा स्मॅश खा, हा रॅकेट नुसती आडवी धरून नेटपाशी टाकतो किंवा सपाट परत घालतो, की मारणाराच अडकला. आणि टिकला कसा याचंही अर्धं उत्तर यातच आहे, पायांच्या आधी याचं डोकं पोचलेलं असतं.

जुनी_रॅली:
वरचं सगळं पटलं पण पार्टनरबद्दल मला बोलायचंय, कारण "चांगले पार्टनर मिळाले" हे ऐकलं की मला वाईट वाटतं.
पहिला पार्टनर मार्किस किडो. बुटका, उडी मारून मारणारा, आणि हेंद्रा उंच नि शांत. दोघांनी २००७ ला क्वालालंपूरमध्ये वर्ल्ड चॅम्पियनशिप जिंकली आणि २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकची फायनल जरूर बघ, समोर चीनची काई युन-फू हाइफेंग जोडी, सगळं स्टेडियम चीनचं, पहिला गेम १२-२१ असा सपशेल गेला आणि तिथून पुढचे दोन काढले. २०१० ला एशियन गेम्सचं गोल्डही घेतलं, मात्र लंडन ऑलिंपिकला ही जोडी पात्रच ठरली नाही. मग आला मोहम्मद अहसान, जो त्याआधी किडोच्याच भावाबरोबर, बोना सेप्टानोबरोबर खेळायचा. नव्या माणसाबरोबर २०१३ आणि २०१५ अशी पुन्हा दोन वर्ल्ड टायटल्स, मधे २०१४ ला ऑल इंग्लंड ही मानाची स्पर्धा आणि एशियन गेम्स.
२०१६ च्या रिओ ऑलिंपिकला मात्र ग्रुपमधूनच बाहेर. जोडी फुटली, हेंद्रा मलेशियाच्या तान बून हिओंगबरोबर खेळून आला, आम्हाला वाटलं झालं आता. तर २०१८ ला परत अहसान, आणि २०१९ ला ऑल इंग्लंड, वर्ल्ड टूर फायनल्स, वर्ल्ड चॅम्पियनशिप सगळं एकाच वर्षात! लोक त्यांना "डॅडीज" म्हणायचे ते याच काळात. त्या वर्ल्ड चॅम्पियनशिपची बासेलची फायनल होती २५ ऑगस्टला, त्याच दिवशी हेंद्राला ३५ पूर्ण झाली आणि त्याच दिवशी आपली सिंधूही वर्ल्ड चॅम्पियन झाली, तो रविवार मी आयुष्यात विसरणार नाही.
किडो जून २०२१ मध्ये बॅडमिंटन खेळतानाच हार्ट अटॅकने गेला, जेमतेम ३६ वर्षांचा. ती बातमी वाचून मी बीजिंगची फायनल पुन्हा लावली होती, पूर्ण बघवली नाही.

ड्राइव्हवाली:
हेंद्रा मोठाच, पण सगळ्यात मोठा म्हणायला माझा विरोध आहे. फू हाइफेंगची चार वर्ल्ड टायटल्स आणि ऑलिंपिक गोल्ड दोन, लंडनला काई युनबरोबर आणि रिओला झांग नानबरोबर. पार्टनर बदलून जिंकणं हाच निकष असेल तर इंडोनेशियाच्याच टोनी गुनावानला कसं विसरता? सिडनी ऑलिंपिक चंद्रा विजया याच्याबरोबर, २००१ ची वर्ल्ड चॅम्पियनशिप हालिम हरयांतोबरोबर, आणि २००५ ला अमेरिकेकडून खेळून हॉवर्ड बाखबरोबर पुन्हा!

जुनी_रॅली:
टोनीचं नाव घेतलंस म्हणून गप्प बसतो, त्याच्याबद्दल वाद घालायची माझी इच्छाच नाही. पण फू मागून तोफ मारायचा, दोन्ही पार्टनर त्याच्या तोफेभोवती खेळ बसवायचे. हेंद्राचं उलट होतं, तोच पार्टनरप्रमाणे बदलायचा. माझ्यासाठी फरक तिथे पडतो. २००७ ते २०१९, पहिलं आणि शेवटचं वर्ल्ड टायटल यात १२ वर्षं आहेत बघ.

नवाभिडू:
सगळ्यांचे मनापासून आभार. सांगितल्याप्रमाणे फक्त रॅकेट बघत २०२२ ची इंडिया ओपन फायनल बघितली, सात्विक-चिराग विरुद्ध हेंद्रा-अहसान. आधी बघितली होती तेव्हा फक्त आपलेच दोघे दिसले होते. या वेळी दुसरा गेम २६-२४ पर्यंत का ताणला गेला ते दिसलं, ३७ वर्षांचा माणूस जागचा फार न हलता आपल्या पोरांना पुन्हा पुन्हा शटल उचलायला लावत होता. आपण जिंकलो याचा आनंद आता दुप्पट झाला. जानेवारी २०२५ ला तो रिटायर झाला आणि मला तो आत्ता कुठे दिसायला लागलाय, याचं फार वाईट वाटतंय.
एक शेवटचं विचारतो, रविवारी डबल्सला मी पुढे उभा राहणार आहे. तो जे नुसतं ढकलतो ते करून बघितलं तर माझं शटल एकतर नेटमध्ये जातं नाहीतर थेट मागच्याच्या हातात. काय चुकतंय?

पुढचा_कोर्ट:
रॅकेट घट्ट धरतोयस. सैल धर, शटल लागेल त्या क्षणालाच बोटं आवळ, आणि पुढे जाऊन घे, नेटच्या उंचीखाली यायच्या आत. खाली आल्यावर घेतलंस तर तुलाच उचलून द्यावं लागेल.