तुर्कान शोराय म्हणजे नुसते डोळे?

रीळवेडी
मागच्या आठवड्यात जुन्या नट्यांवरच्या गप्पांत 'दोनटूक' यांनी तुर्की नटी तुर्कान शोरायला दोन ओळींत निकालात काढलं. "टपोरे डोळे, चुंबन न देण्याचा करार आणि दोनशे रडके सिनेमे. आवाजसुद्धा उसना. हिला थोर कुठल्या हिशेबाने म्हणायचं?" तिथेच उत्तर लिहायला बसले, पण ते आवरेना. म्हणून हा वेगळा धागा.

इस्तंबूलची ही मुलगी १९६० मध्ये पंधराव्या वर्षी कॅमेऱ्यासमोर आली. १९६४ मध्ये तुर्कस्तानातल्या अंताल्या शहराचा चित्रपट महोत्सव पहिल्यांदा भरला, तेव्हा उत्कृष्ट अभिनेत्रीचं 'सोनेरी संत्रं' तिलाच मिळालं. सिनेमा मेतिन एर्क्सानचा, नावाचा अर्थ 'कडू आयुष्य', आणि आयुष्याला त्यांचा शब्द आपलाच, हयात. गिऱ्हाइकांची नखं रंगवणारी मुलगी आणि गोदीतला कामगार लग्नासाठी परवडेल असं घर शोधत फिरतात. त्या घरशोधणीत तिचा चेहरा दर दाराशी थोडा थोडा विझत जातो. विशीही न उलटलेल्या मुलीने हे केलंय!

आता ते 'शोरायचे कानून', म्हणजे तिने करारात घातलेल्या अटी. चुंबन नाही, उघडं अंग नाही, एवढंच तुम्ही वाचलंत. पटकथा आधी हातात हवी आणि रविवारी काम नाही, हेही त्यातच होतं. १९७२ च्या सुमाराला येशिलचामवाले, म्हणजे तिथले व्यावसायिक सिनेमावाले, वर्षाला तीनशेच्या आसपास सिनेमे काढत होते. एका नटीच्या तारखांवर चार निर्माते टपलेले असायचे. त्या घाण्यात एक बाई म्हणते की आधी कथा वाचेन, मग हो म्हणेन. याला करारातला नखरा म्हणायचं?

त्याच १९७२ मध्ये तिने स्वतः दिग्दर्शन केलं. सिनेमा 'दोनुश', म्हणजे परतणं. नवरा जर्मनीला कामाला जातो आणि बायको गावात मागे राहते. पुढे आतफ यल्माझचा १९७७ चा 'सेल्वी बोयलुम, आल याझ्मालम' आला, म्हणजे सुरूसारखी शेलाटी, लाल रुमालवाली. शेवटी एकीकडे पोराचा बाप, ज्याच्यावर जीव जडला तो ट्रक ड्रायव्हर. दुसरीकडे ज्याने पोराला वाढवलं तो माणूस. ती स्वतःलाच विचारते, प्रेम म्हणजे काय होतं? उत्तर येतं, प्रेम म्हणजे कष्ट. त्यांच्या भाषेत एमेक. तुर्कस्तानात हे वाक्य अजून लोकांच्या तोंडी आहे. डोळे तर डोळे, पण त्या डोळ्यांनी तिथे काय केलंय ते एकदा बघा तरी.

दोनटूक
बघितलाय. कथा किरगिझ लेखक ऐतमातोवची, संगीत जाहित बेरकायचं, समोर कादिर इनानर. एवढं सगळं आयतं मिळाल्यावर कोणीही उभी राहिली असती.

आणि कानूनांचं एवढं कौतुक नको. तिचा प्रेक्षक कुटुंबवत्सल होता. बायका-पोरं घेऊन थिएटरात येणाऱ्याला 'आपली सुलतान' सोज्वळ हवी होती, म्हणून निर्माते मुकाट मानायचे. तो धंदा होता. तिच्या मागे उभ्या असणाऱ्या दहा-वीस मुलींना रविवारची सुट्टी मिळत होती का? नियम एका बाईचे आणि एका बाईपुरतेच. त्याला क्रांतीचा टिळा लावू नका.

हुल्या कोचयितबद्दल का नाही लिहिलंत? १९६४ मध्ये बर्लिन महोत्सवाचं सोनेरी अस्वल पटकावणाऱ्या सिनेमात ती होती. नटी फातमा गिरिक तर नंतर इस्तंबूलमधल्या शिश्लीची महापौर झाली. त्या बायकांनी खरं काही केलं.

रत्नागिरीकर
'दोनुश'वर कोणी बोलत नाहीये, म्हणून लिहितो.

माझे वडील १९८१ ला मस्कतला गेले. आई आजी-आजोबांजवळ, आम्ही तीन भावंडं. महिन्याला एक पत्र यायचं आणि दोन वर्षांनी माणूस. मुंबईत एका मित्राने त्याच्या जुन्या संग्रहातून हा सिनेमा दाखवला. भाषा कळत नव्हती, खाली भाषांतराच्या पाट्याही नव्हत्या. नवरा जायला निघतो आणि ती उभी राहून नुसती बघते. आमच्या पडवीतली आई मला तिथे दिसली. मी उठून गॅलरीत गेलो.

दोनटूकसाहेब, माझ्या आईला तुमचा महापौर नको होता. तिची गोष्ट कोणीतरी सांगायला हवी होती, आणि ती एका नटीने कॅमेऱ्याच्या मागे उभं राहून सांगितली.

पडद्यामागून
वीस वर्षं मुंबईत डबिंग करतेय. वरचं सगळं वाचलं. 'आवाजसुद्धा उसना' हे वाक्य कोणालाच खटकलं नाही?

येशिलचामचे सिनेमे चित्रीकरणाच्या वेळी मुके असायचे. आवाज नंतर स्टुडिओत चढायचा, आणि बऱ्याचदा दुसऱ्याचाच. शोरायला आवाज देणाऱ्यांत आदालेत जिमजोझ होत्या. बाई साधी नव्हती. जर्मन नाटककार ब्रेश्टचे अनुवाद केले, १९५० च्या दशकात इस्तंबूलमध्ये माया नावाचं कलादालन चालवलं. एकाच गळ्यातून कितीतरी नायिका बोलायच्या. १९७० मध्ये त्या गेल्या. या धाग्यावर त्यांचं नाव घेणारी मी पहिली!

तुमच्यासाठी आवाज म्हणजे 'उसना' आणि अभिनय म्हणजे फक्त चेहरा. एका मालिकेत नायिकेच्या हुंदक्यांना मी सलग सहा महिने आवाज दिला. ती मालिका गाजली. सत्कार तिचा झाला, मी प्रेक्षकांत मागच्या रांगेत बसले होते. नामावलीत माझं नाव नव्हतं. विचारलं तर म्हणाले, "ताई, जागा नव्हती."

रीळवेडी
पडद्यामागून ताई, तुमचं दुःख खरं आहे, पण विषय शोरायचा आहे. डबिंगवर वेगळा धागा काढूया का?

पडद्यामागून
नाही काढायचा. आम्हाला कायम वेगळाच धागा मिळतो. त्या काळातल्या तिच्या अभिनयाला दाद देता, त्यातला अर्धा दुसऱ्या बाईचा असेल तर हाच विषय आहे. "प्रेम म्हणजे कष्ट" म्हणून डोळे पुसता ना? मग कष्ट कोणाचे, ते विचारा.

दोनटूक
बघा! मी तेच म्हणत होतो. आवाज काढून घेतला तर उरतं काय?

पडद्यामागून
तुम्ही ते म्हणत नव्हतात. तुम्ही दोघींचाही अपमान करत होतात. माझं म्हणणं उलट आहे. ओठ कुठे थांबतील, श्वास कुठे घेतला जाईल, हे नटी ठरवते. आम्ही त्या श्वासावर श्वास ठेवतो. चेहरा खोटा असला की माइकसमोर लगेच कळतं, शब्द बसतच नाहीत. वाईट नटीला चांगला आवाज देता येत नाही, हे वीस वर्षांच्या अनुभवावरून सांगते.

रत्नागिरीकर
ताई, मग पाट्यांशिवाय मी जे पाहिलं त्यात तुमचा वाटा किती आणि तिचा किती?

पडद्यामागून
मोजता येत नाही. म्हणून तर दोन नावं लिहा म्हणते.

रीळवेडी
ठीक आहे. आदालेत जिमजोझ यांचं नाव मीच पहिल्या मजकुरात घ्यायला हवं होतं. चुकलं.

पण दोनटूक, तुमचा धंद्याचा मुद्दा मी सोडणार नाही. सोज्वळपणा नुसता धंदा असता तर तिने तो शेवटपर्यंत जपला असता. १९८२ मध्ये 'मिने' केला. लहान गावातल्या स्टेशनमास्तरची बायको, सगळ्या गावाची तिच्यावर नजर, आणि तिला एका लेखकात माणूस सापडतो. तिथे तिने स्वतःचे कानून स्वतः मोडले. सदतिसाव्या वर्षी, तुर्कस्तानातल्या १९८० च्या लष्करी उठावानंतर लगेचच्या काळात. वीस वर्षं जमवलेला प्रेक्षक पणाला लावून. १९८७ मध्ये पुन्हा आतफ यल्माझकडेच तिने एक उतारवयाकडे झुकलेली नटी केली, जिच्या पडद्यावरच्या प्रतिमेवर एक तरुण भाळलाय. स्वतःच्याच प्रतिमेसमोर असं उभं राहायला हिंमत लागते. त्या भूमिकेलाही अंताल्याचं संत्रं मिळालं.

आणि मागच्या मुलींना सुट्टी नव्हती, हे मान्य. त्याचा जाब तिला विचारायचा की निर्मात्यांना?

दोनटूक
दोघांना. ज्याच्या हातात ताकद असते त्याला विचारायचंच.

'मिने' मी पाहिलेला नव्हता. काल रात्री पाहिला. नंतर त्या लाल रुमालवाल्या सिनेमाची शेवटची दहा मिनिटं आवाज पूर्ण बंद करून पाहिली. ती पोराकडे बघते, मग एकाकडे, मग दुसऱ्याकडे. निर्णय कधी झाला ते एक शब्द न ऐकता कळलं. 'नुसते डोळे' मागे घेतो. 'दोनशे रडके सिनेमे' मागे घेत नाही. त्यातले दीडशे तरी कोणी पुन्हा बघणार नाही, आणि हे तुम्हालाही ठाऊक आहे.

रीळवेडी
दीडशे नाही. शंभर.

पडद्यामागून
आवाज बंद करून पाहिलंत. म्हणजे पुन्हा आमच्यातलीच कोणीतरी पुसलीत. आता आज रात्री डोळे मिटून ऐका.