हर्णै म्हटलं की काय आठवतं? लिहा!

गोदाकाठची: काल लेकाच्या प्रकल्पासाठी जागतिक वारशातल्या बारा किल्ल्यांची चित्रं चिकटवत होते. आपला बागलाणातला साल्हेर, नि खाली हर्णैचा सुवर्णदुर्ग! डिंकाचं बोट तसंच राहिलं. हर्णै, कोकणातलं दापोलीजवळचं बंदर, माझं आजोळ. मे महिन्यात नाशिकहून एसटीनं दापोली, तिथून दुसरी गाडी. आसूद मागे पडलं की आई खिडकी उघडायची. सुक्या मासळीचा वास आला की तिचा चेहराच बदलायचा, नि आम्ही पंचवटीतली पोरं नाकं दाबून बसायचो. तुमचंही येऊ द्या.

मिसळवाला: लिलाव!!! बैलगाड्या पार पाण्यात, बैलांच्या पोटाला लाटा. बाबांनी हौसेनं बोली लावली आणि टोपलीभर सुरमई गळ्यात पडली. लॉजवर चूल नाही. शेवटी शेजारच्या मावशींनी तळून दिली, निम्मी त्यांनीच ठेवून घेतली 😂

सिडकोकर: जूनमध्ये जाऊ नका. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. आम्ही गेलो, तीन दिवस पिठलं. ते नाशकातही मिळतं.

गडवेडा: चार किल्ले आहेत तिथे. पाण्यात सुवर्णदुर्ग; किनाऱ्यावर कनकदुर्ग, गोवा किल्ला, फत्तेगड. सुवर्णदुर्गाच्या दारात पायरीवर कासव, बाजूला भिंतीत मारुती. १७५५ मध्ये इंग्रजांच्या कमोडोर जेम्सनं मराठी आरमाराच्या तुळाजी आंग्र्यांकडून तो घेतला, आणि इंग्रजांच्या जोडीला कोण? पेशवे! आपल्याच आरमारावर. मला हे अजून पचत नाही.

मिसळवाला: @गडवेडा मला तर होडीतून सुवर्णदुर्गावर जाताना नाश्ताच पचला नाही. कासव वगैरे कुठलं दिसतंय.

गोदाकाठची: फत्तेगड शोधायला जाल तर हाती लागायचा नाही, वर सगळी कोळ्यांची वस्ती. मामेभावंडांबरोबर तिथे लपाछपी खेळले, जाळी वाळत घातलेली असायची, पायात अडकून पडायचे. तो किल्ला आहे हे मला दहावीनंतर कळलं.

वेणूताई: विषय सोडून विचारते, नाशकात चांगले सोडे (सुकवलेली कोळंबी) कुठे मिळतील? मागच्या वेळचे नुसती वाळू.

सिडकोकर: ताई, जाऊबाई दापोलीहून येताहेत रविवारी. सांगू का?

वेणूताई: सांगा, पाव किलो. डब्यात आणायला सांगा हो, पिशवीत नको. आमच्या ह्यांना एकदा अख्ख्या एसटीनं शेवटच्या सीटवर बसवलं होतं.